भेकराची नऊ वर्षे

एका जंगलात वेणू नावाची एक खार पेन्शन अधिकारी म्हणून रुजू झाली. ती सात डोंगरांपलीकडच्या शाळेत राज्यकारभार शिकून आली होती. तिला वाटले होते, म्हातारे प्राणी येतील, आपण त्यांची सेवा मोजू, सही करू आणि दुपारपर्यंत ते आपापल्या घरी जातील.

मुलांनो, दुपारपर्यंत तिला शाईच मिळाली नाही.

शाई आली तेव्हा दारात भिवाअण्णा उभे होते. ही त्यांची सातवी खेप.

भिवाअण्णा म्हणजे एक म्हातारे भेकर. बिबट्या दिसला की भुंकून सगळ्यांना सावध करायचे, ही त्यांची सरकारी नोकरी. आता त्यांच्याने पळवत नव्हते. त्या जंगलात पेन्शन म्हणजे सरकारी कुरणातला चारा आणि लपायला एक काटेरी जाळी. जाळी मिळाली नाही, तर पुढचा बिबट्या अण्णांनाच नेणार होता.

"पेन्शनला वीस वर्षे लागतात," हेडक्लार्क सरडेभाऊसाहेब म्हणाले. "यांची तेराच भरतात."

"आणि पाणथळीतली नऊ?" अण्णांनी विचारले.

"ती तात्पुरती बदली."

"एका महिन्याचा हुकूम होता, बाई," अण्णा वेणूला म्हणाले. "पुढील आदेशापर्यंत थांबा, असं त्यात लिहिलं होतं. पुढला आदेश आलाच नाही. म्हणून थांबलो."

"तात्पुरती सेवासुद्धा धरायची असते," वेणू म्हणाली. "मी नियम वाचलाय."

"धरतो की," सरडेभाऊसाहेब म्हणाले. "फक्त केल्याचा पुरावा हवा."

आता पाणथळीतली रीत अशी होती. तिथे हजेरीसाठी रोज सकाळी चिखलात खूर उमटवायचा. अण्णांनी एक दिवसही चुकवला नाही. पण दर पावसाळ्यात चिखल वाहून जाई आणि त्याबरोबर वर्षभराची हजेरीही.

"मग बगळेरावांना पेन्शन कशी मिळाली?" अण्णांनी विचारले. "ते तर माझ्याच जोडीला होते."

भाऊसाहेबांनी बगळेरावांची फाइल काढली. तिच्यात नऊ नोटिसा होत्या. पहाऱ्यावर झोपल्याबद्दल, दर वर्षी एक.

"पहाऱ्यावर झोपले, म्हणजे पहाऱ्यावर होते," भाऊसाहेब म्हणाले. "याहून पक्का पुरावा कोणता?"

"आणि अण्णांच्या पहाऱ्यात बिबट्याने किती प्राणी नेले?" वेणूने विचारले.

"एकही नाही. तिथंच तर घोटाळा झालाय, बाईसाहेब. काही घडलंच नाही, तर लिहिणार कोण आणि काय?"

सरडेभाऊसाहेब मनाने वाईट नव्हते. त्यांनी आवाज खाली आणला. "अण्णा, एक करा. मीही झोपलो होतो, एवढं लिहून द्या. मागच्या तारखांच्या नोटिसा मी काढतो. परवापासून चारा सुरू."



"नऊ वर्षं रवंथसुद्धा उभ्यानं केलं, भाऊसाहेब. झोपलो असं लिहू? पाणथळीतली पाखरं काय म्हणतील?"

"पाखरं पेन्शन देत नाहीत."

"नाही देत," अण्णा म्हणाले आणि उन्हात निघून गेले. जाळी नव्हतीच, त्यामुळे ते कुठल्याही वाटेने गेले तरी सारखेच होते.



दुसऱ्या दिवशी सकाळी वेणूने ठरवले, नोटीस काढायचीच. पण ती अण्णांना नाही. तिने ती सरडेभाऊसाहेबांच्या नावाने लिहिली. एका महिन्यासाठी पाठवलेल्या भेकराला नऊ वर्षे परत का बोलावले नाही, याचे कारण आज संध्याकाळपर्यंत दाखवावे.

भाऊसाहेबांनी ती दोनदा वाचली. हिरव्याचे पिवळे झाले.

"बाईसाहेब, तिथं गरज होती म्हणून बोलावलं नाही असं लिहिलं, तर अण्णा तिथं होते हे सिद्ध होईल."

"आणि तसं नाही लिहिलंत तर?"

"तर नऊ वर्षं मी झोपलो होतो हे सिद्ध होईल."

"कुठलं लिहायचं ते तुम्ही ठरवा," वेणू म्हणाली आणि शाईची दौत त्यांच्याकडे सरकवली.

तात्पर्य: मुलांनो, काम कधीही इतके चोख करू नये की ते केल्याचे कुणाला कळणारही नाही. वर्षातून एकदा तरी साहेबांच्या नजरेसमोर डुलकी काढावी. जागे राहिल्याची नोंद कुणी ठेवत नाही.