मिशिगनचा सरकारी मसाला

लॅटिन काही अवघड नसतं हो! निम्मे शब्द इंग्रजीत सापडतात, उरलेले आत्मविश्वासानं भरून काढायचे!

माझ्या सासूबाई, गिरजाबाई, नागपूरहून आमच्याकडे मिशिगनमध्ये, ॲन आर्बरला आल्या होत्या. लायब्ररीसमोर राज्याच्या झेंड्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, "जावईबापू, ते काय लिहिलंय?"

"आई, गूगल करते ना," दीक्षा, म्हणजे आमची सौ., घाईघाईनं म्हणाली.

जावई उभा असताना गूगल? मी घसा साफ केला. "सी क्वेरिस पेनिन्सुलाम अमोनाम सर्कमस्पाइस! सोप्पंय! पेनिन्सुला म्हणजे द्वीपकल्प. स्पाइस म्हणजे मसाला. 'या द्वीपकल्पात मसाल्याला तोटा नाही!'"

"अगं बाई! आणि तुम्ही लोक ते उकडलेलं खाता?"

शनिवारी माझी मॅनेजर मार्था हिच्याकडे, तळ्याकाठी, पॉटलक होतं, म्हणजे प्रत्येकानं घरून एकेक पदार्थ न्यायचा. माझं प्रमोशन तिच्या हातात. म्हणून दीक्षानं अगदी तान्ह्या बाळाला चालेल असं पास्ता सॅलड केलं होतं. मार्थानं मोठ्ठा घास घेतला. आधी ती गुलाबी झाली, मग लाल, मग वांगी रंगाची! पुढच्या क्षणी ती धक्क्यावरून धावत गेली आणि कपड्यांसकट तळ्यात!

"स्विमिंग सुरू!" कोणीतरी ओरडलं. झालं! अख्खं डिपार्टमेंट धपाधप पाण्यात. मागोमाग शेजाऱ्यांचं कुत्रंही!

"आई, सॅलडमध्ये काय घातलंस?" दीक्षा किंचाळली.

"थोडासा आपला नागपुरी सावजी मसाला. यांच्या राज्याचा मान नको राखायला?"

मार्था निथळत वर आली. सासूबाईंनी तिला पदर पुढे केला आणि अभिमानानं म्हणाल्या, "युवर स्टेट स्पाइस! ऑन फ्लॅग!"

मार्थानं माझ्याकडे पाहिलं. मी माझ्या बुटांकडे.

"अतुल," ती खोकत म्हणाली, "ते स्पाइस नाही, किर्कुमस्पिके आहे! 'रम्य द्वीपकल्प हवं असेल, तर सभोवार बघा.' लंडनमधल्या एका आर्किटेक्टच्या थडग्यावर लिहिलंय, 'याचं स्मारक हवं असेल, तर सभोवार बघा.' त्यावरून आमच्या जुन्या गव्हर्नरला सुचलं!"

मी सभोवार बघितलं. एचआरवाला गळ्यापर्यंत पाण्यात, फोन डोक्यावर धरून उभा. अकाउंट्सवाल्याचा विग घेऊन कुत्रं पोहत पलीकडच्या तीराला निघालेलं. खरंच, माझं स्मारक एवढं भव्य होईल असं वाटलं नव्हतं!

सोमवारी मार्थाचा मेल आला. प्रमोशनबद्दल अक्षर नाही! पुढच्या पॉटलकचं आमंत्रण होतं. सासूबाईंनी त्यांना हवं ते करून आणावं, सगळे वाट बघतायत.

आणि मी? मी फक्त बर्फ आणायचाय.