मनाजीचं रडणं

कलेची भरभराट कपाशीच्या भावावर अवलंबून असते, हे विद्वानांनी अद्याप मान्य केलेलं नाही. अकोल्याने मात्र ते सिद्ध करून दाखवलं. अमेरिकेत लोक आपसात लढू लागले, तिकडचा कापूस थांबला, आणि वऱ्हाडात बैलांच्या शिंगांवर चांदीच्या शेंब्या चढल्या. आता हाती पैसा खेळणाऱ्या गड्याने मिशी काढून लुगडं नेसणं बरं दिसेना. सूर्यभानच्या दंडारीत, म्हणजे गावोगाव सोंगं नाचवणाऱ्या त्याच्या फडात, बाईचं काम करणारे अकरा गडी होते. पैकी दहांनी मिशा राखल्या. अकराव्याला मिशी येतच नव्हती. तो कापसाचा दलाल झाला.

तेव्हा माळ्याची मनकर्णा स्वतःहून आली. वय बावन्न, धंदा वांगी विकण्याचा, अनुभव शून्य. तिने आईचं काम मागितलं, कारण फडाच्या एका सोंगात मुलगा मरतो आणि आई रडते. मनकर्णेचा मुलगा पुंजाराम दोन वर्षांपूर्वी पटकीने गेला होता. दुसऱ्याच दिवशी मळ्यातली वांगी तोडणीला आली होती, म्हणून रडायचं राहिलं, ते राहूनच गेलं. चार माणसांत, हक्काने, एकदा मनासारखं रडून घ्यावं एवढीच तिची महत्त्वाकांक्षा होती. (इतक्या कमी भांडवलावर कलाक्षेत्रात शिरलेली दुसरी व्यक्ती आढळत नाही.)

पंच बसले. बाईने लोकांपुढे उभं राहणं असभ्य. गड्याने बाई होऊन उभं राहणं सभ्य. सबब, मनकर्णेने आधी गडी व्हावं आणि मग बाई. त्याप्रमाणे ती धोतर-पागोट्यात 'मनाजी' म्हणून येई आणि आडोशाला जाऊन लुगडं नेसे. गुप्तता इतकी कडक होती, की ही गोष्ट अख्ख्या अकोल्याबाहेर कोणाला कळली नाही. बायका चालतात कशा, लाजतात कशा, हे तिला शिकवायला जुने कलावंत नत्थुजी यांची नेमणूक झाली. त्यांनी मिशीला पीळ देत महिनाभर शिकवलं. प्रगती बेताचीच होती.

पहिला खेळ अमरावतीला, खुशालराव अडत्यांच्या अंगणात झाला. मुलाचं सोंग मरून पडलं. मनकर्णा त्याच्याजवळ बसली. तिने त्याचं मुंडासं उचललं, घडी घातली, मोडली, पुन्हा घातली. तोंडातून शब्द नाही. डोळ्यांतलं पाणी हनुवटीवरून त्या घडीवर पडत राहिलं. पुंजाराम गेल्यापासून पहिल्यांदाच तिच्या छातीवरचा धोंडा जरा हलला.

"हा गडी कावून उगी बसला?" खुशालरावांनी विचारलं. "रडाचं इसरला का?"

"गडी दिसते बरा," शेजारचे भगवंतराव म्हणाले, "पण बाईचं रडणं त्याले जमून नाही राहिलं."

(चिकाच्या पडद्यामागे साठ-सत्तर बायका होत्या. त्या सगळ्या एकदम गप्प झाल्या होत्या. त्यांचं मत घेण्याची तरतूद नव्हती.)

खेळ संपल्यावर सूर्यभानने तिला बाजूला घेतलं. "मावशी, बाई अशी रडत नाही."

"मंग कशी रडते, बापा?"

"नत्थुजीले पाहा."

नत्थुजींनी रडून दाखवलं: छाती पिटणं सात वेळा, लोळण तीन, शेवटी केस सोडून एक किंकाळी. "असं रडाचं असंन तर राह्य," सूर्यभान म्हणाला, "नाही तं वांगे हायेतच."

मनकर्णा राहिली. कधीतरी आपल्या रीतीने रडू देतील, असं तिला वाटलं. पुढची तीन वर्षं ती सात, तीन, एक या हिशेबाने रडली. अंजनगावापर्यंत मनाजीचं नाव झालं. बाईचं काळीज असलेला गडी, असं जाणकार म्हणू लागले. पुंजाराम मात्र छातीवरच्या त्या धोंड्याखालीच अडकून राहिला.

मग अमेरिकेतली लढाई संपली, भाव कोसळले आणि अकोल्यातल्या दहा मिशा एका आठवड्यात उतरल्या. नत्थुजी परतले. मनाजीची गरज उरली नाही.

मनकर्णा घरी आली, पुंजारामचं मुंडासं काढलं आणि घडी घालू लागली. घातली, मोडली, पुन्हा घातली. या वेळी कोणी हरकत घेतली नाही, कारण ती रडते आहे हे कोणाला कळलंच नाही.

अमरावतीच्या त्या रसिकांना वाचकांनी खुशाल हसावं. फक्त आपली आई शेवटची कधी रडली, ते आधी आठवून पाहावं. आठवत नसेल, तर त्या दिवशी ती कपड्यांच्या घड्या घालत होती, आणि तुम्ही तिला जेवायला वाढ म्हणालात.