उत्तरेचा माल आणि सोपाननाना

सोपाननाना कुणाच्याही घरी गेले की आधी स्वयंपाकघरात जातात आणि फ्रीजचं दार नीट लागलंय का ते बघतात. घरातल्या माणसांची चौकशी नंतर. दार नीट लागलेलं असलं तरी ते एकदा उघडतात, कडेच्या रबरावरून बोट फिरवतात आणि स्वतःच्या हातानं परत लावतात. दुसऱ्यानं लावलेल्या दारावर त्यांचा विश्वास नाही. भाच्यासाठी मोहोळला मुलगी बघायला गेलो तेव्हा चार माणसांत वजनदार दिसतात म्हणून मी त्यांना बरोबर नेलं होतं. मुलगी पोहे घेऊन बाहेर आली आणि नाना आत गेले. सगळे ताटकळत बसले. थोड्या वेळानं बाहेर येऊन ते मुलीच्या वडलांना म्हणाले, "घर चांगलं हाय. रबर टाइट हाय." लग्न जमलं. भाचा सुखात आहे, त्यामुळे नानांना काही बोलायची सोय राहिली नाही.

नाना, म्हणजे सोपान गुंड, अक्कलकोट रोडवरच्या एका बर्फाच्या कारखान्यात फोरमन आहेत. निवृत्तीचं वय केव्हाच होऊन गेलं, पण मालकांनी त्यांना निवृत्त केलं नाही आणि नानांनीही विषय काढला नाही. सोलापूरचा मे महिना ज्यानं काढलाय त्याला बर्फवाल्याचं महत्त्व सांगायला नको. रसवंतीवाले येतात, लग्नाचे आचारी येतात, उजनीच्या काठावरून मासे नेणाऱ्या गाड्या येतात. कुणाच्या घरात कुणी वारलं आणि मुलगा पुण्याहून पोचायचा असला तर तेही येतात. नाना या सगळ्याला बर्फ म्हणत नाहीत, माल म्हणतात. आपण कलिंगड घेताना करतो तसं लादीवर टकटक करून कान लावतात आणि "आतनं पोकळ हाय, ही देऊ नका," असं सांगतात. स्वतः मात्र उसाचा रस बिनबर्फाचा पितात. धंद्याचा माल तोंडात घालायचा नसतो म्हणे.

"माल झाकून ठेवा," हे त्यांचं पालुपद. लग्नाच्या मांडवात, दवाखान्यात, एकदा तर भर कीर्तनात ते उठून कोपऱ्यातल्या उघड्या लादीवर गोणपाट टाकून आले. बुवा थांबले. नानांनी त्यांना हातानंच चालू द्या म्हणून खूण केली.

आमची भिंतीला भिंत. मी शाळेत भूगोल शिकवायचो, म्हणून ते मला गुरुजी म्हणतात आणि पृथ्वीबद्दलच्या सगळ्या तक्रारी माझ्याकडे आणतात. मी स्वतः उत्तरेला भोपाळच्या पुढे गेलेलो नाही, पण हे मी कधी वर्गातही सांगितलं नाही. नानांची बायको सहा वर्षांपूर्वी गेली. एकच मुलगी, रोहिणी. ती आमच्याच ओसरीवर अभ्यास करून मोठी झाली, इथंच सिव्हिल इंजिनिअर झाली, पुढं शिकायला कॅनडाला गेली. तोवर सगळं ठीक होतं. नाना येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे, "पोरगी थंड मुलखात हाय. आमच्यावरच गेलीया."

मग तिला नोकरी लागली. नानांच्या घरात मोबाइलला रेंज नाही, म्हणून तिचे फोन आमच्या दिवाणखान्यात, सर्वांसमक्ष होत. रोहिणी आनंदानं म्हणाली, "नाना, गॅसच्या प्रकल्पावर घेतलंय मला. कॅनडाच्या पार उत्तरेला. खाली सगळी जमीन बर्फासारखी गोठलेली." बिचारीला वाटलं असणार की बर्फ म्हटल्यावर नाना खूश होतील.

"ग्यास कुटं हाय?" नानांनी विचारलं.

"त्या जमिनीच्या खाली."

"म्हंजी माल फोडून काडनार?"

ती काहीतरी समजावून सांगायला लागली. नानांनी पुढचं ऐकलंच नाही. "बर्फवाल्याच्या पोरीनं माल फोडायचं काम घ्यायचं न्हाय. ते काम सोड, आन् मंग फोन कर," म्हणाले आणि फोन माझ्या हातात देऊन निघून गेले.

तिनं काम सोडलं नाही आणि नानांना फोनही केला नाही. हट्टाच्या बाबतीत ती खरोखरच त्यांच्यावर गेली होती. दोन वर्षं बापलेक बोलले नाहीत. रविवारी सकाळी ती माझ्या बायकोला, शैलाला फोन करायची. त्याच वेळी नाना आमच्या अंगणात येऊन झाडांना पाणी घालायचे. आमच्या अंगणात तीन कुंड्या आहेत. फोन अर्धा तास चालायचा. शैला मुद्दाम दाराशी उभी राहून मोठ्यांदा बोलायची, "हो का? सर्दी कमी आहे ना आता?" आणि नाना पाणी घालत राहायचे. एक गुलाब आणि एक तुळस त्या पाण्यानंच गेली. आम्ही नवीन आणली.

उत्तरेचं वेड त्यांना लागलं ते तेव्हापासून. पेपरात तिकडचा बर्फ वितळल्याची बातमी आली की नाना कात्रण घेऊन हजर. "गुरुजी, उत्तरेचा माल परत कमी झाला. बाईसायब कामावर असतील." जगातल्या एवढ्या मोठ्या संकटाला आपल्या घरची एकच व्यक्ती जबाबदार आहे असं मानणारा दुसरा माणूस मी पाहिलेला नाही. तितला फोरमन कोण, असं त्यांनी मला विचारलं. मी म्हटलं, ध्रुवाला फोरमन नसतो. "मंग हे होनारच की," नाना म्हणाले. मी कपाटावरचा पृथ्वीचा गोल काढून दाखवला. त्यांनी वरच्या पांढऱ्या भागावरून बोट फिरवलं आणि म्हणाले, "वरनं उगडाच ठेवलाय व्हय?" तीस वर्षं मी भूगोल शिकवला, पण हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता.

एकदा मात्र मी वैतागलो. म्हटलं, "नाना, तुमचा कारखाना विजेवर चालतो, ती वीज कोळशावर होते, त्या धुरानं जग तापतं. म्हणजे तुमच्या लादीपायीसुद्धा उत्तरेचा माल वितळतोच." नाना उठून गेले. दोन दिवस आले नाहीत. घरातला फ्रीज कुणी तपासला नाही, त्यामुळे शैलालाही चुकल्याचुकल्यासारखं झालं. तिसऱ्या दिवशी दारातूनच म्हणाले, "गुरुजी, तुमचं खरं हाय. पर मी घालवतो तसा बनिवतो तरी. ते निस्तं घालवत्यात." त्या रात्रीपासून त्यांनी घरातला पंखा बंद केला. मे महिन्यात. चार दिवसांनी घामोळ्यांनी अंग भरलं तेव्हा शैलानं जाऊन तो चालू केला.

यंदाच्या उन्हाळ्यात ते माझ्याकडे कागद आणि पेन घेऊन आले. "लिवा," म्हणाले. पत्र कुणाला? "उत्तरेच्या मॅनेजरला." मी लिहिलं, कारण न लिहिण्याला जास्त वेळ लागला असता.

'मा. मॅनेजरसाहेब, उत्तर विभाग यांस, सप्रेम नमस्कार. आपला माल उघड्यावर पडलेला आहे असे पेपरात वाचले. माल कितीही चांगला असला तरी उघड्यावर टिकत नाही. तरी त्यावर लाकडाचा भुसा जाड टाकावा. भुसा कोरडा असावा. ओला भुसा टाकणे म्हणजे न टाकल्यासारखेच आहे. मालावरून माणसांची ये-जा कमी करावी. फोरमन नसल्यास नेमावा.'

मग नाना उठले आणि परत बसले. "अजून एक लिवा. आपल्याकडं रोहिणी गुंड म्हनून मुलगी कामाला हाय, तिला..." मी तेवढं लिहिलं आणि थांबलो. नाना भिंतीकडे बघत होते. "नगं. ते खोडा," म्हणाले. मी खोडलं. खाली त्यांनी सही केली आणि पत्र पोस्टात टाका म्हणून निघून गेले.

पत्त्याअभावी पत्र टेबलावर पडून राहिलं. त्याचा फोटो काढून रोहिणीला पाठवायचा उद्योग शैलाचा. मी फक्त तिला चष्मा शोधून दिला.

दोन दिवसांनी उत्तर आलं. सोबत एक फोटो होता: मोठा लांबलचक उतार, त्यावर पिवळसर काहीतरी पसरलेलं आणि हेल्मेट घातलेली रोहिणी हातात फावडं घेऊन उभी. खाली लिहिलं होतं, 'काकू, हा लाकडाचा भुसा आहे. माझं काम हेच आहे. नानांनी दोन वर्षांपूर्वी ऐकून घेतलं असतं तर तेव्हाच सांगितलं असतं. आणि पत्रात शेवटी काय खोडलंय?'

मी नानांना बोलावून नुसता फोटो दाखवला. त्यांनी फोन डोळ्यांजवळ नेला, लांब धरला.

"भुसा हाय," ते म्हणाले.

"हो."

"कुनी टाकला?"

"तुमच्या रोहिणीनं."

नाना खुर्चीवर बसले. बराच वेळ फोटो बघत राहिले. मग म्हणाले, "थर कमी हाय. फोन लावा."

आमच्याकडे दिवेलागणीची वेळ होती आणि तिकडे सकाळ. रोहिणी पडद्यावर आली. नाक लाल झालेलं. ती हेल्मेट नीट करत बसली, नाना फोन नीट धरत बसले. शैलानं मला कोपरानं ढोसलं, मी घसा खाकरला.

"थर कमी हाय," नाना शेवटी म्हणाले.

"कमरेएवढा आहे नाना. उतारावर कमी दिसतो."

"हात घालून दाव."

तिनं एका जागी फावड्यानं भुसा खालपर्यंत बाजूला केला, हातमोजा काढला आणि ओणवी होऊन तळाची काळी जमीन ठोकून दाखवली. दगडासारखा आवाज आला. नानांनी फोन कानाला लावून तो ऐकला. "पोकळ न्हाय," ते म्हणाले.

मग रोहिणीनं सगळं सांगितलं. तिथली जमीन पिढ्यान् पिढ्या गोठलेली आहे, ती वितळून सैल झाली की उतार खचतो आणि त्यातून गेलेली गॅसची पाइपलाइन वाकते. म्हणून ती झाकायची. मागं उभ्या नळ्यांची रांग दिसत होती. नानांनी विचारलं, त्यात काय?

"अमोनिया, नाना."

नानांची मान वर आली. बर्फाच्या कारखान्यात आयुष्यभर ज्या वायूनं त्यांचे डोळे चुरचुरले तो तिकडे पोरीच्या मागं उभा होता. "आन् कॉम्प्रेसर?"

"कॉम्प्रेसर नाही. वीजच लागत नाही. हिवाळ्यात जमिनीतली ऊब त्यातून आपोआप वर निघून जाते."

"लाइट गेली तरी चालतंय?"

"चालतंय."

नानांनी माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत निव्वळ असूया होती. मग परत पडद्याकडे वळून म्हणाले, "म्हंजी खालनं ग्यास काडायचा, त्यो जाळून जगाचा माल घालवायचा, आन् मदल्या मदी तू भुसा टाकायचा."

"हो नाना. मलाही ते कळतं. रोज कळतं."

"मंग भुसा तरी नीट टाक."

रोहिणी हसली. हसता हसता तिचा चेहरा बदलला. "नाना, तुम्ही काम सोड म्हणाला होता ना? सोडते. पुढच्या महिन्यात घरी येते. तुम्ही नुसतं ये म्हणा."

शैलानं माझा दंड घट्ट धरला. दोन वर्षं नानांनी मागितलं होतं ते समोर ठेवलेलं होतं. एक शब्द म्हणायचा होता. नानांनी फोन जवळ घेतला. धोतराच्या सोग्यानं फोनची काच पुसली.

"तितं उन्हाळा कदी लागतो?"

"आताच लागतोय."

"मंग? उन्हाळ्याच्या तोंडावर माल टाकून येतीस व्हय? ऱ्हा तितंच. भुसा कोरडा हाय का बगत जा." मग म्हणाले, "आन् हातमोजा घाल आदी. कवाधरनं उगडा हात घेऊन हुबी हाय."

तिनं हातमोजा घातला. तो घालायला तिला फार वेळ लागला. मग फोन बंद झाला.

शैला नानांवर उखडली. ती सहसा उखडत नाही. "नाना, पोरगी येते म्हणत होती की! दोन वर्षं तिच्यासाठी आमच्या कुंड्या बुडवल्या, आणि आता यायला निघाली तर राहा म्हणता? तुमचा राग गेला ना?"

"गेला की," नाना म्हणाले. ते फोनकडेच बघत होते, पण पडदा काळा झाला होता. "वहिनी, राग मालाचा कवाच नव्हता. मालाची काळजी हाय, न्हाय असं न्हाय. पर घर खायला उठतंय म्हनून परत ये, असं लेकीला कसं म्हनायचं? शिकलीया, एवढ्या लांब पोचलीया. बापानं पाय वढायचा व्हय? म्हनून बर्फाचं नाव पुडं केलं. रागावलो म्हंजी 'ये' म्हनायला नगं, आन् ती आपसूक येईल असं वाटलं."

बाहेर अंधारून आलं होतं. शैलानं दिवा लावला आणि त्यांच्यापुढं पाण्याचा तांब्या ठेवला.

"ती तर माझंच काम करती तितं," नाना म्हणाले. "आता रागवायला कायच ऱ्हायलं न्हाय, गुरुजी. आता निस्ती आठवन येनार."