गमरेसाहेबांची कात्री

आमच्या मजल्यावरचे गमरेसाहेब बाजारातून काहीही आणलं की आधी कात्री शोधतात. शर्टाच्या कॉलरमागचं लेबल, पंच्याच्या कडेची पट्टी, लोणच्याच्या बरणीवरचा कागद, थर्मासच्या बुडाचं स्टिकर, सगळं जातं. वस्तू कुठून आली हे तिच्या अंगावर दिसता कामा नये, असा त्यांचा नियम आहे. त्यांच्या स्वयंपाकघरात कागद सोलून काढलेल्या एकसारख्या बरण्या ओळीने उभ्या असतात आणि शालिनीवहिनी त्या वासावरून ओळखतात. वहिनींना सर्दी झालेली असताना मी तिथे एकदा पापडखाराचा चहा प्यायलो आहे. औषधांच्या पाकिटांना हात लावलात तर माहेरी जाईन, अशी धमकी देऊन वहिनींनी तेवढी वाचवली आहेत.

दारावर पाटीसुद्धा नाही. ठाकुर्लीतल्या आमच्या सोसायटीत प्रत्येकाने आपापल्या ऐपतीप्रमाणे पितळी, लाकडी, दिव्याची अशी पाटी लावली आहे. गमरेसाहेबांनी बिल्डरने लावलेली पाटी पहिल्याच दिवशी काढून टाकली. आता दारावर फक्त स्क्रूंची भोकं आहेत. कुरियरवाले खाली येऊन विचारतात, "वो बिना नामवाला घर किधर है?" आणि वॉचमन झोपेतून न उठता बोट दाखवतो. सबंध बिल्डिंगमध्ये चटकन सापडणारं घर तेवढं एकच आहे, हे मी साहेबांच्या कानावर घातलं, तर ते म्हणाले, "विचार करतो." ते अजून विचार करताहेत.

प्रभाकर गमरे परदेशांतली माहिती गोळा करणाऱ्या आपल्या सरकारच्या खात्यात होते. एवढं ते स्वतः सांगतात. पुढचं काही सांगत नाहीत. मी स्वभावाने चौकस माणूस आहे. आमची ही मला चोमडा म्हणते, पण तिने ते म्हणू नये, कारण बिल्डिंगमध्ये कुणाकडे पाहुणे आले की त्यांनी बेल वाजवायच्या आधी हिला ते कुठले हे माहीत असतं. तर शेजार जुळल्यावर मी गमरेसाहेबांना विचारलं,

"खात्यात तुमचं काम काय होतं?"

"नोकरी."

"कुठल्या देशात होतात?"

"बाहेरच्या."

"म्हणजे हेरच ना तुम्ही?"

"जोशी, तुम्ही विमा कंपनीत होतात. म्हणून काय माणसं मारत होतात का?"

ह्याचा अर्थ काय, ह्यावर मी बरेच दिवस विचार केला.

त्यांचा आवडता शब्द म्हणजे 'दुजोरा'. एका माणसाने सांगितली ती अफवा, दुसऱ्या माणसाने वेगळीकडून तेच सांगितलं तर ती माहिती, असं त्यांचं शास्त्र आहे. आमची ही धावत जाऊन म्हणाली, "भावोजी, उद्या पाणी येणार नाही, भरून ठेवा," की ते पेपरातून डोकं वर न काढता विचारणार, "दुजोरा?" मग ते स्वतः खाली जाऊन पंपवाल्याला विचारणार, तिथून शेजारच्या बिल्डिंगमध्ये जाणार, आणि बातमी पक्की करून वर येईपर्यंत पाणी गेलेलं असतं. वहिनी मात्र हिच्या एका शब्दावर बादल्या भरून मोकळ्या होतात. "ह्यांच्या दुजोऱ्यावर राहिले असते तर पारोशीच मेले असते," असं त्या साहेबांच्या देखतच म्हणतात.

दुसरा नियम म्हणजे ज्याला जेवढं लागतं तेवढंच सांगायचं. हा नियम त्यांनी मुलीच्या लग्नात लावला आणि त्यात माझा बळी गेला.

त्यांना एकच मुलगी, प्रज्ञा. तिचं लग्न कोपरीच्या एका हॉलमध्ये होतं. पत्रिकेत हॉलचं नाव छापावंच लागलं ह्याचं साहेबांना दुःख होतं, पण ज्यांना पत्रिका नव्हती, म्हणजे केटरर, फुलवाला आणि फोटोवाला, त्यांना त्यांनी हॉल सांगितलाच नाही. त्यांना सांगितलं, की ठाणे स्टेशनाबाहेर कोपरीच्या बाजूला या, छपराखाली काळी छत्री उघडून एक गृहस्थ उभे असतील, त्यांना 'पाऊस येणार का?' असं विचारा. मला सांगितलं, की छत्री उघडून उभे राहा आणि जो 'पाऊस येणार का' म्हणेल त्याला हॉलचा पत्ता द्या. कोण येणार, किती येणार, कशासाठी येणार, काही नाही. "तुम्हाला लागतं तेवढं सांगितलंय," ते म्हणाले.

मे महिना होता. भर उन्हाळ्यात छपराखाली छत्री उघडून उभा राहिलेला माणूस दिसल्यावर जाणारा-येणारा दुसरं काय विचारणार? पहिल्यांदा एका रिक्षावाल्याने विचारलं. मी पत्ता दिला. मग कॉलेजची दोन पोरं म्हणाली, "काय काका, पाऊस येणार का?" त्यांनाही दिला. मासळी विकून घरी निघालेल्या दोन कोळणींनी रिकाम्या पाट्या डोक्यावर ठेवून हसत विचारलं, त्यांनाही दिला, वर "जेवूनच जा" असंही म्हणालो, कारण मला वाटलं ही साहेबांची माणसं, वेष पालटून आली असतील. खरा केटरर मात्र सरळमार्गी माणूस होता. मे महिन्यात अनोळखी गृहस्थाला पावसाचं विचारायची त्याला लाज वाटली. जेवणाचा टेम्पो घेऊन तो माझ्यासमोरून घिरट्या घालत राहिला.

शेवटी हॉलमध्ये जेवण नव्हतं आणि जेवणारे जास्त होते. भन्तेजींनी मंगल मैत्रीचं प्रवचन लांबवून वेळ मारून नेली. टेम्पो पोचल्यावर त्याच कोळणींनी पदर खोचून वाढायला घेतलं. "दादानं बोलावला म्हनून आयलू," असं त्या प्रत्येक पंगतीला सांगत होत्या. टिटवाळ्याहून आलेली वरपक्षाची मंडळी हसून हसून बेजार झाली.

प्रज्ञा हसली नाही. निघताना ती साहेबांना म्हणाली, "माझ्या लग्नातसुद्धा, बाबा?" एवढंच म्हणाली. साहेब टाय सारखा करत राहिले.

मला तेव्हा ते फार मनाला लावून घेणं वाटलं. पुढे एकदा शालिनीवहिनींनी कारण सांगितलं. प्रज्ञा चौथीत असताना साहेब बराच काळ घरी नव्हते. दिल्लीला आहेत, असं मुलीला सांगितलेलं. ते परत आले तेव्हा तिच्यासाठी एक बाहुली घेऊन आले. लोकरीचा जाड कोट, केसाळ टोपी, आणि पाठीला लेबल कापल्याची खूण. प्रज्ञाने ती शाळेत नेली आणि सांगितलं, "माझ्या बाबांनी दिल्लीहून आणली." वर्गात नेमकी दिल्लीहून बदली होऊन आलेल्या कुणाची तरी मुलगी होती. ती म्हणाली, असली बाहुली दिल्लीत मिळतच नाही, ही खोटं बोलते. मग सगळा वर्ग 'खोटारडी' म्हणायला लागला. प्रज्ञा घरी येऊन म्हणाली, "बाबा, खरं सांगा, कुठली आहे?" साहेब म्हणाले, "दिल्लीची."

"त्यानंतर तिने ह्यांना कधी काही विचारलं नाही," वहिनी म्हणाल्या. "येते, राहते, औषधं घेतलीत का बघते. पण विचारत काही नाही. दोघं हवापाण्याचं बोलतात. आणि ती टिटवाळ्याला परत गेली की हे गॅलरीत उभे राहतात, मला म्हणतात, रिक्षा मिळाली का बघतोय."

गेल्या वर्षी आमच्या ज्येष्ठ नागरिक कट्ट्यावर व्याख्यानं करायची ठरली. मधुमेह झाला, मृत्युपत्र झालं, गुडघे दोनदा झाले. कार्यवाह म्हणून मी भीत भीत गमरेसाहेबांना विचारलं, की तुमच्या खात्याचा इतिहास आणि कार्य ह्यावर बोलाल का? ते हो म्हणाले. मी खुर्चीतून पडायचाच बाकी होतो.

"एक अट आहे," ते म्हणाले. "प्रज्ञाला निमंत्रण जाऊ दे. तुमच्याकडून. मी सांगितलं हे सांगायचं नाही."

मी टिटवाळ्याला फोन लावला. प्रज्ञाने विचारलं, "काका, कोणी सांगितलं मला बोलवायला?"

"कट्ट्याने ठराव केला."

"काका, तुम्हाला नीट खोटं बोलता येत नाही. बाबांकडे क्लास लावा," ती म्हणाली. "बघते."

रविवारी सकाळी सोसायटीचा हॉल भरला. मी फळ्यावर लिहिलेलं व्याख्यात्याचं नाव साहेबांनी येता येता पुसून टाकलं. प्रज्ञा शेवटच्या रांगेत, दाराजवळ बसलेली होती. तिला पाहून साहेबांनी पाण्याचा ग्लास उचलला आणि न पिता खाली ठेवला.

बोलले मात्र छान. "पूर्वी घरातलं आणि घराबाहेरचं, दोन्ही एकच खातं बघायचं," ते म्हणाले. "बासष्ट साली शेजारी काय करतोय हे वेळेवर कळलं नाही. पासष्टलाही कमीच कळलं. मग अडुसष्टात बाहेरचं बघायला वेगळं खातं काढलं. तीन वर्षांत एकाहत्तर आलं, तेव्हा ते उपयोगी पडलं. लोकांना वाटतं आम्ही बंदुका घेऊन पळतो. हे खातं कुणाला अटक करत नाही, कुणावर खटला भरत नाही. कळवतं. निर्णय दुसरे घेतात. त्यातलं पुष्कळसं काम म्हणजे तिकडचे पेपर वाचायचे, रेडिओ ऐकायचा, माणसांशी ओळखी ठेवायच्या आणि वाट बघायची. आपल्या वाटेला येणारी वाईट गोष्ट टळली, तर काम झालं. टळलेल्या गोष्टीची बातमी होत नाही. त्यामुळे आमच्या लोकांचे सत्कार बंद दारामागे होतात आणि शाल घरी नेता येत नाही."

आमची ही मला हळूच म्हणाली, "म्हणजे घरातलं मी बघते, बाहेरचं भावोजी." मी तिला गप्प केलं.

प्रश्नोत्तरं सुरू झाली. दुसऱ्या मजल्यावरच्या सावंतांनी विचारलं, "तुमच्याकडे पिस्तूल होतं का?"

"छत्री होती," साहेब म्हणाले. हॉल हसला, आणि सगळे माझ्याकडे वळून बघायला लागले.

तेवढ्यात शेवटच्या रांगेतून प्रज्ञा उभी राहिली.

"एक विचारायचं होतं," ती म्हणाली. "मी चौथीत होते. तुम्ही कुठे होतात?"

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"कुठे, ते सांगता येणार नाही," ते म्हणाले.

प्रज्ञाने मान हलवली. तिला तेच अपेक्षित असावं. ती खाली बसायला लागली.

"थांब. उत्तर संपलं नाही माझं. दिल्लीत नव्हतो." साहेब म्हणाले. "बाहुली दिल्लीची नव्हती. तू वर्गात खोटं बोलली नव्हतीस, मी तुझ्याकडून बोलवून घेतलं. हे तेव्हाच सांगायला हवं होतं."



"मी राहायचो त्या खोलीसमोर एक शाळा होती," साहेब पुढे म्हणाले. "ती सुटायच्या वेळी मी कुठलंच काम ठेवत नसे. खिडकीत उभा राहायचो. तुझ्याएवढ्या मुली दप्तरं घेऊन पळत बाहेर यायच्या. त्यांना घ्यायला त्यांचे बाप आलेले असायचे. शेवटची मुलगी गेली की मी खिडकी लावायचो. हे मी कुठल्या साहेबाला कळवलं नाही. तुझ्या आईलाही नाही."

वहिनींनी पदर तोंडाला लावला. प्रज्ञाने बापाकडे पाहिलं. मग म्हणाली,

"ह्याला दुजोरा?"

"नाही," गमरेसाहेब म्हणाले. "एकाच माणसाची माहिती आहे. ठेवायची तर ठेव."

"ठेवते," प्रज्ञा म्हणाली, आणि दाराजवळची खुर्ची सोडून पहिल्या रांगेत आईशेजारी येऊन बसली. आभार मानायला मी उठलो आणि तसाच परत बसलो. सावंतांनी मानले.

त्या दिवशी ती मुक्कामाला राहिली. गॅलरीत बापलेकींचं बोलणं चाललं होतं, ते मी ऐकलं नाही. आमच्या हिने ऐकलं, पण तिनेही मला सांगितलं नाही. लग्नाला इतकी वर्षं झाली, असं प्रथमच घडलं.

पावसाळ्याच्या तोंडावर गमरेसाहेब कल्याणहून दोन छत्र्या घेऊन आले. एक स्वतःला, एक प्रज्ञाला. स्वतःच्या छत्रीचं लेबल त्यांनी कापलं. मग दुसरी हातात घेतली, दांड्याला लोंबणारा कागद वाचला, कात्री जवळ नेली आणि बराच वेळ तशीच धरली. शेवटी कात्री खणात ठेवून दिली. कल्याणच्या दुकानाचं नाव, कंपनी, किंमत, सगळं जसंच्या तसं लोंबत ती छत्री टिटवाळ्याला गेली.

हे मला आमच्या हिने सांगितलं. मी शालिनीवहिनींकडून वेगळा दुजोरा घेतला. माहिती पक्की आहे.