कोंडाजी साळिंदर आणि सोळा नंबरचा कागद

मुलांनो, सुरुवातीलाच माफी मागून घेतो. माझी शाळा चौथीत सुटली. माझे ऱ्हस्व-दीर्घ कुठे पाय मोडून पडतील ते सांगता येत नाही, आणि मोठमोठे शब्द मला येतच नाहीत. जिथे चुकेल तिथे मनातल्या मनात दुरुस्त करून घ्या. गोष्ट मात्र नीट ऐका.

एका जंगलात एक ओढा होता. ओढ्याच्या अलीकडे एक फौज होती, पलीकडे दुसरी. सात वर्षं दोन्ही फौजा समोरासमोर उभ्या होत्या. भांडण कशावरून लागलं ते कुणालाच ठाऊक नव्हतं. विचारलं तर दोन्हीकडचे सेनापती म्हणत, “ते गुप्त आहे.”

अलीकडच्या फौजेत कोंडाजी नावाचा एक साळिंदर शिपाई होता. वयाने तरुण, स्वभावाने लाजाळू. लाजला की त्याच्या अंगावरचे काटे उभे राहायचे. लोकांना वाटायचं, हा रागावला. लोक लांब सरकायचे. मग त्याला आणखी लाज वाटायची.

लहानपणी त्याला काही म्हणजे काही आठवायचं नाही. आज पाठ केलेली कविता उद्या साफ. बगळेगुरुजी म्हणाले, “याच्या डोक्याला बूड नाही.” बापाने त्याला शाळेतून काढला आणि फौजेत घातला. आणि गंमत बघा, तिथे त्याचं नशीब उघडलं.

त्या फौजेची एक रीत होती. रोज संध्याकाळी गवा हवालदार पहाऱ्यासाठी एक परवली द्यायचा. परवली म्हणजे गुपित शब्द. रात्री छावणीत येणाऱ्या-जाणाऱ्याने तो शब्द सांगायचा, तरच वाट मिळायची. सकाळ झाली की चाळीस शिपाई रांगेत उभे राहायचे. हवालदार हुकूम सोडायचा, “परवली... विसर!” चाळीस मुंडकी एकदम डावीकडे-उजवीकडे हलायची आणि शब्द गेला. कुणाच्या तोंडून कालचा शब्द निघालाच, तर आठ दिवस चिखल उपसायची शिक्षा.

विसरण्यात कोंडाजीचा हात धरणारा कुणी नव्हता. लागोपाठ दोन वर्षं त्याला ‘उत्तम विस्मरणा’ची फीत मिळाली. ती त्याने कुठे ठेवली, ते त्याला आठवत नव्हतं.

आता त्याचं दुखणं ऐका. कोंडाजीची बायको हौसा दोन पोरांना घेऊन भावाच्या बिळात राहत होती. एका बिळात साळिंदरांची दोन कुटुंबं म्हणजे काय असतं, ते तुम्हीच मनात आणा. कूस बदलायची तर शेजाऱ्याला आधी कळवावं लागे. भावजय रोज उठून म्हणायची, “वन्सं, फौजेत म्हणे बिळं वाटतात. खरं असतं का हो ते?”

ते खरं होतं. बीळ-वाटप मंडळ शिपायांना बिळं देत होतं. अर्ज अमावास्येपर्यंत घेणार होते आणि अर्जाला सोळा नंबरचा कागद लावायचा होता. सोळा नंबरचा कागद म्हणजे वर्षभरात किती पगार झाला आणि राजाने त्यातून किती कर कापला, याचा दाखला. मंडळ म्हणे, हा कागद नसेल तर तू शिपाई आहेस हे आम्ही कसं धरावं? कोंडाजी गणवेशातच उभा होता. पण गणवेश अर्जाला टाचता येत नाही.

अमावास्येला चार दिवस उरले, तेव्हा हौसा स्वतः छावणीच्या कुंपणापाशी आली.

“कागद मिळाला?”

“मिळेल.”

“मागच्या अमावास्येलाही मिळणारच होता. मी भावजयीला काय सांगू?”

“सांग की काम चालू आहे.”

“काम कुठे चालू आहे? तुमचे काटे तेवढे उभे आहेत,” हौसा म्हणाली आणि निघून गेली.

कोंडाजी तडक पगार-कचेरीत गेला. तिथे कासवनाना कारकून होते. पूर्वी कागद तेच द्यायचे. नाव सांगितलं की कवचाखालून काढून हातात ठेवायचे. फक्त काढायला त्यांना तीन दिवस लागायचे.

“नाना, माझा सोळा नंबरचा कागद.”

“हा काय.” नानांनी कागद वर धरला. “छान आला आहे बघ. नाव बरोबर, शिक्का बरोबर.”

“मग द्या ना.”

“देता येत नाही, बाळ. आता सुधारणा झाली. कुणाला कचेरीत यायची गरज नाही.”

“पण मी आलोय.”

“तेच म्हणतोय. गरज नव्हती. ढोलीवर जा.”

ढोली म्हणजे जुन्या उंबराच्या खोडातलं मोठं भोक. त्यात एक राघू बसवला होता. आपण ढोलीसमोर उभं राहायचं, नाव सांगायचं, आपली परवली सांगायची. मग राघू शिट्टी मारायचा आणि माकड कचेरीतून कागद आणून द्यायचं. राघूला एकंदर सहा वाक्यं शिकवली होती.

“नमस्कार,” राघू म्हणाला. “आपली परवली सांगा.”

इथे कोंडाजीचं घोडं अडलं. का, तेही सांगतो.

ही ढोली गेल्या नागपंचमीला सुरू झाली. फौजेतल्या सापांना त्या दिवशी रजा होती, म्हणून दिवस तेवढा सगळ्यांच्या लक्षात राहिला. संध्याकाळी चाळीस शिपायांना ढोलीसमोर रांगेत उभं केलं आणि सांगितलं, प्रत्येकाने स्वतःची एक परवली राघूच्या कानात सांगा. रांगेत पहिला नेमका कोंडाजी. त्याला एकही शब्द सुचेना. सगळे बघताहेत, काटे उभे राहताहेत. शेवटी त्याने मागे वळून विचारलं, “साहेब, कुठला शब्द ठेवू?”

गवा हवालदार गुरकावला, “फौजेत गुपित शब्द एकच असतो. आजचा.”

कोंडाजीने आजचा शब्द ठेवला. हुकूम ऐकून मागच्या एकोणचाळीस जणांनीही तोच ठेवला. दुसऱ्या दिवशी सकाळी हुकूम झाला, “परवली... विसर!” आणि चाळीसच्या चाळीस शिपाई, शिस्तीत, विसरले. तेव्हापासून एकालाही कागद मिळाला नव्हता. चूक कुणाची, यावर मात्र तुकडीत एकमत होतं. तोंड उघडलं कोंडाजीने.

“आंबा?” कोंडाजी म्हणाला.

“परवली चुकीची आहे. दोन प्रयत्न शिल्लक.”

“वाघ?”

“परवली चुकीची आहे. एक प्रयत्न शिल्लक.”

“राघूदादा, मी कोंडाजी. आपण रोज भेटतो. काल तुम्ही माझ्याच ताटातली मिरची खाल्लीत.”

“परवली चुकीची आहे. उद्या या.”

“विसरलेल्यांनी काय करायचं?”

“परवली विसरली असल्यास नवी परवली घ्या. नवी परवली घेण्यासाठी जुनी परवली सांगा.”

असे दोन दिवस गेले. सहा शब्द वाया गेले. अमावास्या परवावर आली.

त्या ओढ्यावर दुपारी पाण्याची वेळ असायची. तेवढ्या वेळात कुणी कुणावर धावून जायचं नाही, हा दोन्हीकडचा कायदा. कोंडाजी काठावर बसला आणि पाण्यात बघत पुटपुटू लागला, “जांभूळ... जांभूळ असेल का? की करवंद?”

“जांभूळ कार्तिकात होतं,” पलीकडून आवाज आला. “करवंद तुम्ही अजून वापरलेलं नाही.”

कोंडाजीचे काटे ताड्कन उभे राहिले. समोरच्या काठावर एक मुंगूस पालथं पडून पाणी पीत होतं. त्याच्या पाठीवर पळसाच्या वाळक्या पानांचा गठ्ठा होता, दोरीने नीट बांधलेला.

“काटे खाली घ्या दादा. पाण्याची वेळ आहे. मी अंताजी, पलीकडचा हेर.”

“तुम्हाला आमच्या परवल्या कशा माहीत?”

“तुमचे पहारेकरी रात्रभर बोंबलत विचारतात आणि येणारे बोंबलत सांगतात. मी लिहून घेतो. सात वर्षांतला एक दिवस चुकलेला नाही. कुठल्या दिवसाचा हवा?”

कोंडाजीने आधी मागे वळून बघितलं. आपल्याच फौजेचा गुपित शब्द शत्रूला विचारायचा? त्याने हळूच विचारलं, “हा द्रोह तर होणार नाही ना?”

“तुम्ही मला काही सांगताय का?”

“नाही.”

“मी तुम्हाला सांगणार आहे. मग झालाच तर माझा होईल. दिवस बोला.”

कोंडाजीला हौसा आठवली. कूस बदलण्याआधी शेजाऱ्याला कळवणारी आपली पोरं आठवली.

“गेल्या नागपंचमीचा,” तो म्हणाला.

“तो दिवस आम्ही मुंगसं विसरत नाही,” अंताजी हसला. त्याने गठ्ठा सोडला, अंगठा लावून पानं उलटली आणि एक पान काढलं. “घोरपड.”

“नक्की?”

“पुढे टीपसुद्धा आहे. पहारेकऱ्याने दोनदा विचारलं, येणाऱ्याला शिंक आली होती.”

कोंडाजीने हात जोडले. “तुमचंही काही अडलं असेल तर सांगा. तुमचा सोळा नंबरचा कागद?”

“मी हेर, दादा. आमच्या फौजेच्या कागदावर मी नाहीच. मला कसला दाखला?” अंताजीने गठ्ठा पुन्हा बांधला. “पण विचारलंत, बरं वाटलं. सात वर्षं लिहितोय. कुणी एक पान मागितलं नव्हतं.”

कोंडाजी ढोलीकडे असा धावला की वाटेत त्याचे चार काटे गळाले.

“घोरपड.”

राघूने शिट्टी मारली. माकडाने कागद आणला. कोंडाजीने तो छातीशी धरला, तर मधोमध एक काटा आरपार गेला. तरी शिक्का वाचला होता. तशीच धावपळ करून त्याने अर्ज भरला. मंडळाच्या मुंगीने भोकातून बघितलं, तोंड वाकडं केलं आणि अर्ज ठेवून घेतला. दुसऱ्या दिवशी हौसाला ओढ्याकाठचं बीळ मिळाल्याचा निरोप गेला. निरोप भावजयीनेच पळत नेला म्हणतात.

इकडे तुकडीत कुजबुज झाली. कोंडाजीने एकेकाच्या कानात शब्द सांगितला आणि एकेक जण ढोलीकडे जाऊन आला. सगळ्यात शेवटी गवा हवालदार आला. आधी त्याने आभाळाकडे बघितलं. मग झाडाकडे.

“कोंडाजी, तो जुना शब्द तुला आठवतो?”

“नाही साहेब.”

“शाबास. आणि समज, आठवत असता तर?”

“तर घोरपड असता, साहेब.”

“पण तुला आठवत नाही.”

“अजिबात नाही, साहेब.”

“उत्तम,” हवालदार म्हणाला आणि शीळ घालत उंबराकडे गेला.

पण कागद देताना राघू प्रत्येकाला सहावं वाक्य म्हणाला होता, “सुरक्षेसाठी नवी परवली ठेवा.” संध्याकाळ होती. या खेपेला कोंडाजीने कुणाला काही विचारलं नाही. त्याने आपल्या मनाने, पहिल्यांदाच, स्वतःचा एक शब्द ठेवला. मग त्याच्या लक्षात आलं की सकाळी हुकूम होणार, मुंडी हलणार, आणि हा शब्दही जाणार. आपल्या डोक्याला बूड नाही, हे त्याच्याइतकं कुणाला माहीत होतं?

म्हणून दुसऱ्या दिवशी सकाळी, हुकूम व्हायच्या आधीच, तो ओढ्यावर गेला. पलीकडे अंताजी तोंड धूत होता. कोंडाजीने दोन्ही पंजे तोंडाशी धरले आणि आपला नवा शब्द मोठ्याने, सावकाश, दोनदा सांगितला.

अंताजीने कोरं पान काढलं. लिहून झाल्यावर मान वर केली तर कोंडाजीच्या मागे एकोणचाळीस शिपाई उभे होते, आणि त्यांच्या मागे, दुसरीकडे बघत, गवा हवालदार.

“रांगेत या,” अंताजी म्हणाला. “आधी नाव सांगा. शब्द मग.”

तात्पर्य : संकटात मित्र उपयोगी पडतो म्हणतात. पडत असेल. पण वर्षाचा दाखला काढायचा असेल तर पदरी एक शत्रू असावा, आणि तो टापटिपीचा असावा.