तिसऱ्या नंबरावरची लेओंतीन

"रविवारी जेवणाच्या शेवटी चीज टेबलावर यायच्या आत लेओंतीनला तिसऱ्या नंबरावरून पहिल्यावर आणतो की नाही बघा! नाही आणलं, तर जन्मात पुन्हा अकॉर्डियनला हात लावणार नाही!"

ओनोरेने कॅफेच्या काउंटरवर मूठ आपटली आणि सगळे एकदम गप्प झाले. त्याच्या काळजीने नव्हे हो! ओनोरेचा अकॉर्डियन फ्रान्समधल्या ओव्हेर्न्यच्या त्या डोंगराळ गावात दर रविवारी दुपारी ऐकू यायचा, आणि खिडक्या लावून घेतल्या तरी ऐकू यायचा. तो हरणार असेल, तर अख्खं गाव चर्चमध्ये मेणबत्त्या लावायला तयार होतं.

भानगड अशी की ओनोरेच्या सुनेला, क्लेमाँसला, दिवस भरत आले होते. मुलगी आहे हे डॉक्टरने सांगितलंच होतं. ओनोरेची एकच इच्छा होती, नातीला आपल्या आईचं नाव मिळावं. आई जाऊन बरीच वर्षं झाली, तरी अजून घरात शिरताना तो आधी पाय पुसायचा आणि मग श्वास घ्यायचा. क्लेमाँस म्हणाली होती, "ठेवू ना बाबा. तिसरं नाव म्हणून ठेवू." आता तिसरं नाव म्हणजे काय, हे ओनोरेला कळत नव्हतं थोडंच! पहिल्या नावाने हाक मारतात, दुसरं सरकारी कागदावर दिसतं, आणि तिसरं थेट थडग्यावरच वाचायला मिळतं. आईला असं माळ्यावर टाकायचं?

पण त्याचा बेत पक्का होता. क्लेमाँस म्हणजे अगदी गरीब गाय. बेकरीत कुणी तिचा पाय तुडवला, तर हीच त्याची माफी मागायची. अशा बाईच्या गळी नाव उतरवायचं, तर लेओंतीन ही शांत, मायाळू, लोण्याहून मऊ असायला हवी! साक्षीला त्याने दोघांना जेवायला बोलावलं. एक थोरली बहीण ओदेत, आणि दुसरा शेजारचा निवृत्त पोस्टमन फेर्नां. फेर्नां इतक्या आनंदाने 'येतो' म्हणाला, तेव्हाच ओनोरेला संशय यायला हवा होता. दोघांच्या घरांची भिंत एकच होती!

रविवारी सगळे टेबलाभोवती बसले. चीजच्या तारा सुटणारी बटाट्याची त्रुफाद वाढली गेली आणि ओनोरेने घसा साफ केला.

"लेओंतीन नावाच्या बायका मुळातच शांत. माझी आई तर कोकरू! हो ना रे फेर्नां?"

"कोकरू?" फेर्नांने काटा खाली ठेवला. "चिखलाचे बूट घालून दारात आलो, तर तुझ्या कोकराने ते काढून घेतले! उरलेल्या गावाची पत्रं मी तुझ्या बापाच्या लाकडी जोड्यात वाटली, ठकठक करत!"

ओनोरेने टेबलाखालून त्याला लाथ मारली. ती त्याच्याच मुलाला, क्लेमाँसच्या नवऱ्याला लागली.

"बाबा!" बास्तियाँ कळवळला.

"गंमत करतोय तो! ताई, तू सांग."

पण ओदेत रोज सकाळी चर्चला जाणारी बाई. खोटं तिच्या तोंडून निघेना.

"काय सांगू? बाजारात बैल सुटला, तेव्हा गावचे सगळे मर्द गाड्यांवर चढून बसले होते. आईने छत्रीने त्याच्या नाकाडावर अशी ठेवून दिली, की तो आपणहून दावणीला जाऊन उभा राहिला!"

"ताई, बटाटे घे ना!"

"आणि कारंज्याजवळचं अक्रोडाचं झाड? मेयर तोडणार म्हणाला, तर आई त्याच्याखाली खुर्ची टाकून विणत बसली. स्वेटर पुरा झाला, तरी हलेना! शेवटी त्यानेच हात जोडले. तोच स्वेटर तू शाळेत घालायचास. अरे, नावातच सिंह आहे, कोकरू कुठलं! तुझा अकॉर्डियन गोठ्यात टांगायला खिळा कुणी ठोकला? ती होती तोवर तू गाईंनाच वाजवून दाखवायचास!"

"बिचाऱ्या गाई," फेर्नां पुटपुटला. आनंदाने त्याचे कान लाल झाले होते.

क्लेमाँसने नॅपकिन तोंडावर धरला होता. खांदे हलत होते. रडवली पोरीला! ओनोरेने मनातल्या मनात अकॉर्डियनचा निरोप घेतला. तेवढ्यात बास्तियाँ लंगडत स्वयंपाकघरातून चीजची थाळी घेऊन आला.

"थांब!" क्लेमाँस ओरडली. "चीज तिथेच धर!"

त्या घरात तिचा चढा आवाज कुणी ऐकलाच नव्हता. तिने नॅपकिन काढला. हसून हसून तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

"बाबा, माझ्या नावाचा अर्थ क्षमा. जन्मल्यापासून मी सगळ्यांना माफच करतेय! दाताच्या डॉक्टरने भलताच दात उपटला, तर त्यालाच मी 'सॉरी' म्हटलं! माझ्या मुलीने असं जगायचं नाही. पहिलं नाव लेओंतीन. दुसरं नको आणि तिसरंही नको!"

"सूनबाई, जरा विचार करा," फेर्नां घाबरून म्हणाला. "जुनाट नाव. शाळेत चिडवतील तिला!"

"चिडवून तर बघू देत!"

ओनोरेने उठून सुनेच्या कपाळाचा मुका घेतला आणि चीजचा सगळ्यात मोठा तुकडा फेर्नांच्या ताटात टाकला. संध्याकाळी त्याने चौकात उभं राहून अकॉर्डियन वाजवला. गावाने मुकाट्याने खिडक्या लावून घेतल्या.

लेओंतीन आली ती डरकाळी फोडतच. ती घरी आल्यावरच्या पहिल्या रविवारी ओनोरेने मोठ्या थाटात अकॉर्डियन छातीशी घेतला आणि एक सूर काढला. पाळण्यातून असा आवाज आला की कपाटातल्या बश्या वाजल्या! तो थांबला, तीही थांबली. त्याने अगदी हळू पुन्हा सुरू केलं. तिने अजिबात हळू केलं नाही.

क्लेमाँस दारात आली. पूर्वी "माफ करा हं बाबा" म्हणाली असती. आता तिने नुसतं गोठ्याकडे बोट दाखवलं.

कॅफेत त्या दुपारी फेर्नांने सगळ्यांना स्वतःच्या खर्चाने वाइन पाजली, लेओंतीनच्या नावाने!

आणि ओनोरे गोठ्यात बादली पालथी घालून बसला. "बघितलंत? हुबेहूब आई!" त्याने गाईंना अभिमानाने सांगितलं. त्यातल्या एकीने सावकाश पाठ फिरवली. मग त्याने अकॉर्डियन भिंतीवर अडकवला. आईने ठोकलेला खिळा जरासुद्धा हलला नव्हता.