चौगुले सरांची सुनावणी

आमच्या दुधाच्या पातेल्यात बोक्यानं तोंड घातलं आणि बायको लाटणं घेऊन धावली, तेवढ्यात शेजारच्या गॅलरीतून चौगुले सर ओरडले, "वहिनी, थांबा! पिताना बघितलासा का?"

"मिशीला साय हाय की त्याच्या!"

"ती साय तुमच्याच दुधाची कशावरनं?"

"मग त्याला वकील देऊ का?"

"वकील नको. त्याचं म्हणणं तरी ऐका."

तोवर बोका पसार झाला.

सर वाणिज्य शिकवायचे आणि एकटेच राहायचे. "म्हणणं ऐकलं का?" हे त्यांचं पालुपद. गल्लीतल्या पोरांनी त्यांच्या खिडकीची काच फोडली, तेव्हा सरांनी दोन्ही संघांना घरात बसवलं, चिरमुरे दिले आणि सुनावणी घेतली. बॉल कुणी टाकला, मारणाऱ्याची बाजू काय, सगळं विचारलं. निकाल काही लागला नाही. काचेच्या जागी पुठ्ठा आला, तो वर्षानुवर्षं तसाच. मी बँकेत हिशेब तपासणारा माणूस. उघडी राहिलेली बाब मला सलते. "सर, निकाल लावून टाका की," मी म्हणायचो.

"एका पोराचं ऐकायचं राहिलंय, शिंत्रे. ते आजोळी गेलंय."

नव्वदच्या दशकाच्या अखेरीस अशा माणसाला विद्यापीठाच्या कॉपी प्रकरणांच्या चौकशी समितीवर कुणी नेमलं, देव जाणे. पहिल्याच दिवशी संध्याकाळी ते माझ्या कट्ट्यावर येऊन बसले. "सकाळपासनं जेवणापर्यंत चाळीस पोरं," म्हणाले. मी मनात भागाकार केला. उत्तर सांगण्यासारखं नव्हतं. "आणि 'माझं म्हणणं ऐकून घेतलं' अशी सही दारातच घेत्यात. आत यायच्या आधी."

त्या चाळिसांत हातकणंगल्याकडची, शेवटच्या वर्षाची एक मुलगी होती. तिच्या बाकाच्या कप्प्यात चिठ्ठी सापडलेली. अक्षर तिचं आहे का, हे कुणी ताडून पाहिलं नव्हतं. ती बोलायला लागली आणि तिला रडू फुटलं. अध्यक्ष म्हणाले, "रडतीया म्हंजे कबूल हाय."

"मघाशी एक रडला न्हाई, त्याला निर्ढावलेला म्हणालासा," सर म्हणाले.

"चौगुले, जेवण गार व्हायलंय."

सरांनी निकालावर सही केली नाही. बाकीच्यांच्या पुरेशा होत्या. मुलीला दोन वर्षं परीक्षाबंदी झाली. सरांनी वरती अर्ज केला. उत्तर आलं, म्हणणं ऐकल्याबद्दल मुलीची स्वतःची सही आहे. पुढच्या वर्षी समितीवर सर नव्हते.

त्याच वर्षी मे महिन्यात एका रविवारी सरांनी मुलीला आणि तिच्या वडिलांना घरी बोलावलं. मलाही हाक आली. "तुम्ही बसा. एकट्यानं ऐकलं तर ती सुनावणी होत न्हाई." एवढ्या उकाड्यात सरांनी कोट घातला होता. समितीपुढं मुलं उभी असायची. इथं मुलीला खुर्ची होती आणि समोर स्टुलावर दुधाचा कप.

मुलगी बोलली. कप्प्यात तिनं हातसुद्धा घातला नव्हता. चिठ्ठी आधी तिथं बसून गेलेल्या कुणाची तरी असणार. नंतर मैत्रिणी बोलेनाशा झाल्या, गावात 'कॉपीवाली' म्हणायला लागले, तेही तिनं सांगितलं. सरांनी तिला एकदाही मध्ये तोडलं नाही.

ती थांबल्यावर वडिलांनी विचारलं, "सर, हिचं वर्ष परत मिळंल?"

"न्हाई."

"आम्ही लगीन ठरवलंय हिचं. मग आता कशाला बोलावलासा?"

"ऐकायचं राहिलं होतं," सर म्हणाले.

मुलगी दारापर्यंत गेली आणि वळली. "सर, तुम्हाला पटलं का?"

बोक्याचा नाही, काचेचा नाही, कसलाच निकाल ज्यांनी कधी दिला नव्हता, ते सर उठून उभे राहिले. "तू निर्दोष आहेस, बाळ."

"ह्ये आता कुणाला दाखवायचं?" वडील म्हणाले. रागानं नव्हे; त्यांना खरंच माहीत नव्हतं. सरांनाही नव्हतं. दोघं एसटी गाठायला निघून गेले.

सर कोटातच बसून राहिले. मुलीनं दुधाला हात लावला नव्हता. गॅलरीतून बोका आला, स्टुलावर चढला आणि कपात तोंड घातलं.

"सर, आता तर डोळ्यांनी बघताय," मी म्हणालो.

"भूक लागली असंल," ते म्हणाले. स्टूल डगमगत होतं. ते त्यांनी एका हातानं धरून ठेवलं.